आकारामचा ओळंबा

केरबा गवळ्याची म्हैस वर्षभर गोठ्यातून बाहेर पडली नव्हती, ही गोष्ट गंगावेशीत सगळ्यांना ठाऊक होती. ठाऊक नसायला झालंय काय? रोज सकाळी केरबाची बायको शालूबाई आणि मुलगा पृथ्वीराज मिळून तिला बाहेर काढायला बघत आणि रोज सकाळी अख्खी गल्ली दात घासता घासता ती गंमत बघत असे. शालूबाई पुढून दावं ओढायची, पृथ्वीराज मागून खांदा लावायचा आणि लक्ष्मी मधल्या मध्ये डोळे अर्धवट मिटून रवंथ करत उभी. मारावं तर शालूबाईचा हात उठत नसे, चुचकारावं तर म्हैस कानसुद्धा हलवत नसे. शेवटी पृथ्वीराजची कामावर जायची वेळ व्हायची. शर्टावरचं शेण झटकत तो शिरोली एमआयडीसीच्या रस्त्याला लागायचा आणि म्हैस तिथल्या तिथंच.

केरबा होता तेव्हा हीच म्हैस गल्लीची शान होती. संध्याकाळी तो तिला दूध कट्ट्यावर घेऊन निघाला की दावं त्याच्या स्वतःच्या खांद्यावर टाकलेलं असायचं आणि म्हैस आपली आपण मागं. गिऱ्हाइकाच्या डोळ्यांसमोर धार काढायची आणि फेसाळ दूध तिथंच पेल्यात ओतून द्यायचं, असा त्याचा रिवाज. दिवाळीच्या पाडव्याचं तर विचारूच नका. पाडव्याला कोल्हापुरातले गवळी आपापल्या म्हशी सजवतात. शिंगं रंगवतात, गळ्यात कवड्यांच्या माळा घालतात, डोक्यावर मोरपिसं बांधतात. मग मालक फटफटीवर बसून पुढं सुटतो आणि म्हैस त्याच्या मागं पळते. दावं नाही, काठी नाही. फटफटीची पुंगळी, म्हणजे सायलेन्सर, मुद्दाम काढून ठेवलेली असते, त्यामुळं कानठळ्या बसतात, वरून बघ्यांचा गलका. त्या सगळ्या गोंधळातून म्हशीनं आपल्या मालकाची हाक तेवढी उचलायची आणि धावायचं. ज्याची म्हैस भलत्याच्याच मागं गेली, त्याला वर्षभर कट्ट्यावर मान वर करता येत नाही.

म्हणून प्रत्येकाची हाक वेगळी असते आणि ती कुणी कुणाला सांगत नाही. गोठ्याचं दार लावून घेऊन म्हशीला एकटीला शिकवतात. केरबानंही आपली हाक कुणाला सांगितली नव्हती. बायकोलाही नाही. आणि गेल्या पाडव्यानंतर थोड्याच दिवसांत तो गेला. कट्ट्यावरून आला, हातपाय धुतले, खाटेवर टेकला, तो पुन्हा उठला नाही.

यंदा दिवाळी तोंडावर आली तसा पृथ्वीराजनं विषय काढला. पोरगा वाईट नव्हता हो. बापाच्या माघारी पहाटे उठून गोठा झाडायचा, मग कामावर जायचा, येऊन पुन्हा वैरण टाकायचा. पण त्याला म्हशीची दशा बघवत नव्हती.

"आई, जनावराचे हाल व्हायल्यात," तो म्हणाला. "हुभं ऱ्हाऊन ऱ्हाऊन पाय जातील तिचं. नेसरीला धोंडुआत्याकडं मोकळं रान हाय, डुंबायला तळं हाय. सोडूया की तिला तिकडं."

शालूबाई भाकरी थापत होती, ती थापतच राहिली. लेकाचं म्हणणं खोटं नव्हतं, हीच तर पंचाईत होती. ते खोटं असतं तर तिनं त्याला चार शब्दांत गप्प केलं असतं. तिनं भाकरी तव्यावर टाकली, तिच्यावर पाणी फिरवलं आणि मग बोलली, "पाडव्याला ती ह्या घरच्या हाकंला धावली, तर हितंच ऱ्हाईल. न्हाय धावली, तर भाऊबीजेला टेम्पो बोलीव. मी हूं का चूं करायची न्हाय."

पृथ्वीराजनं मान डोलावली. सून अनुजा आतून बाहेर आली आणि सासूकडं बघून पुन्हा आत गेली. बोलणं तर झालं, पण हाक आणायची कुठून, हे शालूबाईला स्वतःलाच माहीत नव्हतं.

तिनं आधी जे सगळे करतात तेच केलं. मोबाईल धुंडाळले. दर पाडव्याला गल्लीतला जो तो फोन वर धरून उभा असतो, त्यामुळं केरबाच्या धावेचे व्हिडिओ पुष्कळ निघाले. त्यात केरबा दिसायचा, पिवळा फेटा बांधून फटफटीवर उलटा बसलेला, तोंड म्हशीकडं, ओठ हलतायत. ऐकू मात्र फक्त फाडफाड. अनुजानं आवाज लहानमोठा करून पाहिला, कानात त्या हेडफोनच्या बोंड्या घालून पाहिलं. काही उपयोग झाला नाही.

त्या रात्री अंथरुणावर पडल्यावर शालूबाईच्या ध्यानात एक गोष्ट आली. केरबाचा चेहरा डोळ्यांपुढं लख्ख होता, चाल आठवत होती, खाकरणं आठवत होतं. पण त्याचा आवाज आठवेना. तो बोलायचा काय, तेही थोडंच. तिला हाक मारायचा ती 'अगं' म्हणून, नाहीतर 'पृथ्वीची आई'. तिचं नाव त्यानं उभ्या जन्मात कधी घेतलं नव्हतं. लग्नात बायकांनी उखाण्यासाठी धरून बसवला, तेव्हाही नवरदेव म्हशीला वैरण टाकायचं निमित्त सांगून मांडवातून पळाला होता, आणि त्यावरून तिच्या माहेरी अजून हसतात. तिनंही त्याचं नाव त्या दिवशीच्या उखाण्यात घेतलं तेवढंच. त्यांच्यात तशीच रीत होती आणि तिचं कधी काही अडलं नव्हतं. आता मात्र तिला वाटलं, की घरात त्या माणसाच्या आवाजावर जगणारं एकच जनावर उरलंय, ते गोठ्यात उभं आहे, आणि तेही आपण टेम्पोत घालून पाठवणार. तिला रडू आलं आणि तिनं ते येऊ दिलं.

सकाळी ती आकाराम भावजींकडं गेली.

आकाराम म्हणजे केरबाचा लंगोटीयार. पाडव्याला फटफटी चालवायचा मान त्याचा. जन्मभर शिरोलीत पितळेच्या एका लहानशा फौंड्रीत ओतकाम केलेला माणूस. भट्टीच्या आणि ग्राइंडरच्या आवाजानं कान कामातून गेलेले. त्याच्याशी बोलायचं तर शेजारच्या चार घरांना ऐकू जाईल असं बोलावं लागे. पण त्याच्याकडं एक अशी वस्तू होती, की तिच्यासाठी लोक पार बिंदू चौकापलीकडून यायचे.

ती वस्तू म्हणजे एक ओळंबा. गवंडी भिंत सरळ चढते का ते बघायला दोरीला बांधून खाली सोडतो, ते टोकदार वजन. मुरगूडकडच्या एका गावाच्या देवळातली जुनी घंटा तडकली म्हणून गावकऱ्यांनी ती नव्यानं ओतायला फौंड्रीत आणली होती. नवी घंटा झाली, वर मूठभर धातू उरला. टाकून द्यायला जीव होईना म्हणून आकारामनं त्याचा ओळंबा ओतला आणि आपल्या न्हाणीचं बांधकाम काढल्यावर गवंड्याच्या हातात दिला. गवंड्यानं तो भिंतीला लावून सोडला. ओळंबा हलायचा थांबला आणि गवंडीही थांबला. आकारामनं बघितलं तर नळातून सुटलेला थेंब तोटीच्या खाली अधांतरी लटकलेला. थोड्या वेळानं थेंब पडला आणि गवंडी हसायला लागला. त्याच्या लहानपणीच वारलेल्या आईनं एकदा त्याला आंघोळ घालून डोक्याला तेल चोळलं होतं, ते त्याला बोटांसकट आठवलं होतं. त्या दिवशी त्यानं पुढं काम केलं नाही. पण भिंत जेवढी झाली होती तेवढी, सांगतो तुम्हाला, आजही इंचभर कललेली नाही.

आकारामचं म्हणणं असं, की घंटेनं जन्मभर लोकांचं ऐकूनच घेतलं होतं, तिला ती सवय लागली. खरंखोटं तो आणि ती घंटा जाणे. त्यानं ओळंब्यासाठी तीन सळयांची तिकटी केली, खाली पितळेची ताटली ठेवली, आणि वापरायची रीत हळूहळू त्याची त्यालाच समजत गेली. ज्या वेळेचं आठवायचं त्या वेळची एखादी वस्तू ताटलीत ठेवायची. तिकटीवरून सोडलेला दोरा चिमटीत धरायचा, ओळंब्याला झोका द्यायचा आणि मग हात हलू द्यायचा नाही. झोके निवत आले की भोवतीचा काळही त्याच्याबरोबर निवतो. टोक थांबलं की तोही थांबतो, आणि मग जे आठवायचं ते सावकाश, पाहिजे तेवढा वेळ बघून घ्यावं. अट एकच. जे तुम्ही स्वतः पाहिलं किंवा ऐकलं आणि मग मनानं कुठंतरी टाकून दिलं, तेवढंच मिळतं. दुसऱ्याचं मिळत नाही. पलीकडच्या गल्लीतली ताजबी आपल्या नानीच्या मटणाचा मसाला आठवायला आली होती. मसाला मिळाला, पण मसाल्याच्या डब्यात हात घातला म्हणून नानीनं ठेवून दिलेली थप्पडही मिळाली, आणि ताजबी गाल चोळत घरी गेली. आता तिच्या हातचं मटण खायला लोक निमित्तं शोधतात.

शालूबाईनं सगळी हकीकत ओरडून सांगितली. आकारामनं ऐकून घेतली आणि त्याचे डोळे भरून आले. त्यानं लगेच ओळंबा काढला, शालूबाईनं पिशवीतून आणलेला केरबाचा पिवळा फेटा ताटलीत ठेवला आणि म्हणाला, "वैनी, तुमी बसा. फटफटी मीच चालवत हुतो. हाक माझ्या पाठीवर पडलीया."

त्यानं दोरा धरला. ओळंबा झुलला, निवला, थांबला. परत सुरू झाला तेव्हा आकाराम ओशाळवाणा हसत होता. त्याला गेला पाडवा सगळा मिळाला होता, केरबाची पाठीला लागलेली पाठसुद्धा. हाक मात्र मिळाली नव्हती, कारण त्याच्या कानांनी ती तेव्हाच ऐकली नव्हती. फाडफाडसुद्धा त्याला लांबून आल्यासारखी मिळाली.

मग पृथ्वीराज आला. पोरानं मशीनशॉपात काम करून मापांवर विश्वास ठेवायची सवय लावून घेतलेली, त्याचा असल्या गोष्टींवर विश्वास नव्हता. पण आई सांगते म्हणून बसला. थांबलेल्या काळात त्याला काय मिळालं, तर स्वतःच्या हातातला मोबाईल. पडदा, पडद्याच्या कडेला किती चार्जिंग राहिलंय त्याचं चिन्ह, आणि त्यात अंगठ्याएवढा बाप. समोरून बाप जात होता आणि हा पडद्यात बघत होता. तो उठला. दारात जाऊन उभा राहिला आणि बऱ्याच वेळानं परत आत येऊन म्हणाला, "आई, तू बस."

शालूबाई बसली. पाडव्याची सकाळ तिला मिळाली ती अशी: चुलीपुढं ती, कढईत करंज्या, बाहेर गलका, आणि ती तबक घेऊन दारात जाईपर्यंत फटफट्या कोपऱ्यावरून वळलेल्या. नेहमीचंच होतं. इतक्या वर्षांत तिनं नवऱ्याची धाव कधी पाहिलीच नव्हती. सणाच्या दिवशी बाईमाणसाला चुलीपुढून उठायला मिळतंय कुठं? सगळी गल्ली तिच्या नवऱ्याची धाव सांगायची आणि ती करंज्या तळायची. हे तिला आजवर कधी खुपलं नव्हतं. आज खुपलं आणि तिनं दोरा सोडून दिला.

ती फेटा घडी करून पिशवीत घालत होती. घालता घालता तिचा हात थांबला.

"भावजी, म्हशीला कुठला पाडवा?" ती म्हणाली. पहिल्यांदा आकारामला ऐकू गेलं नाही, म्हणून तिनं ते पुन्हा, मोठ्यानं सांगितलं. आपण सगळे पाडव्याच्या मागं लागलोय. म्हशीला पाडवा, दसरा काही कळत नाही. ती हाक शिकली ती साध्या दिवशी, गोठ्यात, दार लावून. गोठ्याचं दार लावलं तरी गोठ्याची मागची भिंत आपल्या सैपाकघरालाच लागून आहे.

दुसऱ्या दिवशी दुपारी, जेवणं झाल्यावर, आकाराम तिकटी घेऊन त्यांच्याच घरी आला. शालूबाईनं फेटा काढलाच नाही. ताटलीत तिनं धार काढायची पितळी चरवी ठेवली, कडेला चेपलेली, केरबाच्या हातातली. अनुजानं सगळ्यांना चहा दिला. पृथ्वीराजची सुट्टी होती, तो उंबऱ्यावर बसला. शालूबाईनं सैपाकघराच्या त्या भिंतीला पाठ लावली, दोरा धरला आणि ओळंबा सोडला.

तो झुलला. तिच्या मनात वर्षभर जसे दिवस मागं-पुढं कलंडत होते तसाच झुलला, कधी केरबाच्या वेळेकडं, कधी त्याच्या माघारच्या दिवसांकडं. मग झोका लहान होत गेला. कपातून उठलेली वाफ जिथल्या तिथं थांबली. टोक चरवीच्या बरोबर मधोमध येऊन उभं राहिलं.

दुपार होती. कुठली तरी, नाव नसलेली दुपार. ती चटणीची तयारी करत होती, मिक्सर घरघरत होता, मिरचीचा खाट नाकात बसला होता, कुकरची शिट्टी होत होती, गल्लीत कुणीतरी भंगारवाला ओरडत होता. काळ हलत नव्हता, म्हणून तिला घाई नव्हती. तिनं तांदूळ निवडावेत तसे एकेक आवाज बाजूला काढले. शिट्टी काढली. भंगारवाला काढला. मिक्सर काढायला वेळ लागला, पण तोही निघाला. आणि खाली, भिंतीच्या पलीकडून, केरबाचा आवाज राहिला.

तो तिच्या ओळखीचा केरबा नव्हता. तिच्या ओळखीचा केरबा तुटक बोलायचा. हा लाडानं, ओढून, गाणं म्हणावं तसा हाक मारत होता.

"शालूऽऽ. ये गंऽ शालूऽऽ. माजी शालू ती."

आणि लगेच म्हशीचा हुंकार, आणि शेणात पडलेली तिची पावलं, हाकेकडं जाणारी.

शालूबाई तिथंच राहिली. कितीदा ऐकलं तिनं, ते तिलाच माहीत. थांबलेल्या काळाला विचारणारं कोण? बाहेर म्हशीचं नाव लक्ष्मी ठेवलं होतं, गल्लीनं पेढे खाल्ले होते, आणि आत दार लावून हा बाबा तिला बायकोच्या नावानं बोलवत होता. इतकी वर्षं. दर पाडव्याला, सगळ्या कोल्हापुरासमोर, फटफटीवर उलटा बसून, तिचं नाव घेऊन ओरडत होता, आणि पुंगळी काढलेली म्हणून कुणाला ऐकू जात नव्हतं. लबाड माणूस. तिला हसू फुटलं, आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी वाहिलं, आणि तिला वाटलं की आपल्याला आयुष्यात याहून काही नको होतं.

ती परत आली तेव्हा वाफ पुढं निघाली. चहा चटका बसेल इतका गरम होता.

"मिळाली?" पृथ्वीराजनं विचारलं.

"मिळाली," शालूबाई म्हणाली आणि तिचा चेहरा पिकल्या मिरचीसारखा झाला. हाक काय आहे, ते मात्र ती सांगेना. आकारामनं दोनदा विचारलं, पृथ्वीराजनं दोनदा विचारलं. ती चहा पीत बसली. मग सगळे आपापल्या कामाला गेल्यावर एकटी गोठ्यात गेली, दार लावून घेतलं आणि पदरानं तोंड झाकून, हळूच, हाक मारून पाहिली. लक्ष्मीचे डोळे उघडले. कान उभे राहिले. मान वळली. वर्षभरात पहिल्यांदा. वर्षभर तळाशीच राहणारी चरवी त्या संध्याकाळी काठोकाठ भरली, आणि अनुजा ती बघून नुसती सासूकडं बघत राहिली.

पाडव्याच्या सकाळी तरीही सांगावं लागलंच. लक्ष्मीची शिंगं रंगवून झाली होती, कवड्या घातल्या होत्या. फटफटीची पुंगळी काढली होती. आकाराम आपला मान पृथ्वीराजला देऊन मागं बसायला, म्हणजे हाक मारायला, तयार झाला होता. शालूबाईनं दोघांना बाजूला घेतलं आणि खाली बघत सांगून टाकलं.

आकाराम ऐकून गप्प. त्याला ऐकू आलं नाही असं वाटून तिनं पुन्हा सांगितलं, तर तो म्हणाला की पहिल्या खेपेलाच ऐकू आलंय, पण वैनीचं नाव घेऊन मी भर गल्लीत ओरडू? पृथ्वीराज तर कानापर्यंत लाल झाला. लेकानं आईला नावानं हाक मारायची, आणि तीही गंगावेशीत, पाडव्याच्या दिवशी, अख्ख्या गावासमोर? अनुजाकडं कुणी बघितलंच नाही. सासूचं नाव घेणारी सून अजून जन्माला यायची होती. त्या घरात हाक होती, म्हैस होती, फटफटी होती, आणि ती हाक तोंडातून काढू शकेल असं माणूस एकही नव्हतं. हा तिढा केरबानं कुठं बसून बघितला असेल तर पोट धरून हसला असेल.

बाहेर बाकीच्यांच्या फटफट्या सुटायला लागल्या होत्या. पृथ्वीराजनं खांदे पाडले. म्हणाला, मग नेसरीला सांगायला पाहिजे.

"गाडीवर बस," शालूबाई म्हणाली.

तिनं नऊवारीचा पदर कमरेला खोचला. केरबाचा पिवळा फेटा काही बांधला नाही, नुसता खांद्यावर टाकला. लेकाच्या मागं, त्याच्या पाठीला पाठ लावून, केरबा बसायचा तशी उलटी बसली. अनुजानं तिचे पाय नीट टेकवून दिले. गल्लीतल्या बायका करंज्यांच्या झाऱ्यासकट दारात आल्या. फटफटी सुरू झाली आणि कान बधिर झाले. शालूबाईनं हाक मारली, पण ती निघाली कोंडलेली, गोठ्यात पदराआडून मारली होती तशी. लक्ष्मी गोठ्याच्या दारात आली आणि तिथंच थांबली. पुढचे पाय उंबऱ्याच्या आत. फटफटी हळूहळू पुढं जात होती आणि शालूबाईला ती म्हैस लहान लहान होताना दिसत होती. पृथ्वीराजनं ब्रेक दाबायला घेतला.

तिनं डोळे मिटले. तिला तिकटीची गरज लागली नाही; सगळा गलका आपोआप बाजूला पडला, फटफट पडली, फटाके पडले, लोक पडले, आणि त्या दुपारचा आवाज तेवढा सरळ, टोकाला उभा राहिला. तिनं तोंड उघडलं आणि त्या आवाजात आपला आवाज घातला.

"शालूऽऽ. ये गंऽ शालूऽऽ. माजी शालू ती."

काही बायकांना वाटलं, म्हातारीचं डोकं फिरलं. मग त्यांच्या अंगावरून वारा गेला. लक्ष्मी सुटली होती. मोरपिसं मागं पडलेली, कवड्या वाजतायत, वर्षभर थिजलेलं ते एवढं थोरलं काळं धूड शालूबाईवर नजर लावून धावत होतं. पृथ्वीराजनं आरशात पाहिलं आणि त्यानंही ओरडून गाडी ताणली. वाटेत दुसऱ्या म्हशी आल्या, दुसऱ्या फटफट्या आल्या, लक्ष्मीनं कुणाकडं बघितलं नाही. शालूबाई हाका मारत होती आणि हसत होती. इतक्या वर्षांनी तिला पाडव्याची धाव बघायला मिळाली, ती थेट फटफटीवरून.

पंचगंगेच्या घाटावर पृथ्वीराजनं गाडी बंद केली. एकदम सगळं शांत झालं. लक्ष्मी धापा टाकत आली आणि शालूबाईच्या मांडीवर नाक टेकवून उभी राहिली. आकाराम मागून दुसऱ्या कुणाच्या तरी गाडीवर आला. पृथ्वीराजनं घाम पुसला, खिशातून फोन काढला आणि नेसरीला लावला. आत्या, म्हस हितंच ऱ्हाती, एवढंच म्हणाला आणि फोन परत खिशात ठेवला. व्हिडिओ काही काढला नाही.

गवळ्यांच्या बायका जमल्या. कुणीतरी म्हणालं, असली हाक आम्ही बापजन्मात ऐकली नाही. एकीनं शालूबाईच्या खांद्यावरच्या फेट्याला हात लावून विचारलं, "आक्का, हाक कुणाची म्हणायची ही?"

'मालकांची' असं म्हणायला तिनं तोंड उघडलं. पण मनाला वाटलं, त्यानं एवढी वर्षं घेतलं, आपण एकदा घेतलं तर काय बिघडलं.

"केरबाची," ती म्हणाली.

उखाणा नव्हता, मांडव नव्हता, कुणी आग्रह केला नव्हता. बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. लक्ष्मीनं पाण्याचा वास घेऊन तिचा पदर ओढला, आणि शालूबाई तिच्याबरोबर घाटाच्या पायऱ्या उतरायला लागली.